डाव्या डोळ्याचा सिनेमा

बनुबाईचा डावा डोळा मोतीबिंदूनं झाकोळला त्याला दोन वर्षं झाली होती आणि आता उजवाही त्याच वाटेनं निघाला होता. मिरजेच्या दवाखान्यात ऑपरेशन होतं, हे अख्ख्या वडूजला ठाऊक. पण तिचे मालक हंबीरराव पडले फौजेतले निवृत्त सुभेदार, त्यांना कोण सांगणार? "एकानं दिसतंय न्हवं? आमी पलटणीत एक डोळा मिटूनच नेम धरायचो," म्हणायचे आणि विषय संपवायचे. घ्या! बायकोला काय नेम धरायचा होता?

त्यात सांगलीहून मधुकर आला. तिच्या लेकाचा दोस्त, विश्रामबागेत कॉलेजात शिकवायचा. ह्या गड्याला छोटे छोटे सिनेमे काढायचा नाद, तेही बिनगोष्टीचे. तापात कसं दिसतं, स्वप्नात कसं दिसतं, असले.

"मग माझ्या डाव्या डोळ्याचा काढ की," बनुबाई म्हणाली. "मालकांस्नी दावायचा हाय."

मधुकरनं काचेला तूप फासून ती कॅमेऱ्यापुढं धरली. बनुबाई उजवा डोळा मिटून अंगण बघायची, मग डावा मिटून कॅमेऱ्यातून बघायची. "छ्या! लय सोच्छ हाय. आनखी लाव तूप. कडंला न्हाई रं, मधी!" दिवसभर तिनं त्या प्राध्यापकाला पिदवलं. शेवटी "आता जमलं" म्हणाली, तेव्हा समोरून हंबीरराव रानातून येत होते. मधुकरनं बटण दाबलं.

फिल्म मुंबईहून धुऊन आली, तसा मधुकर यंत्र घेऊन पुन्हा हजर. भर दुपारी सोप्याची दारं लावली, खिडकीला घोंगडं टांगलं आणि भिंतीवर धोतर ताणलं.

अंगण दिसलं, पिवळट, गढूळ. त्यातून एक पांढरा ठिपका हलत हलत आला, मोठा झाला, एकाचे दोन झाले. तोंड नाही की काही नाही.

"ह्यो कोन?" हंबीररावांनी विचारलं.

"आवं, तुमीच," बनुबाई म्हणाली.

"मग माझं त्वांड कुठाय?"

"डाव्या डोळ्यात न्हाई."

त्यांनी फिल्म परत लावायला सांगितली. मग आणखी एकदा. सुभेदार चांगलेच हबकले होते.

"आन उजव्यात?"

इतका वेळ ताठ बसलेल्या बनुबाईला तिथं एकदम भरून आलं. "उजव्यात हायसा की अजून. पर दिवाळीपास्नं मिशी दिसत न्हाई."

हंबीरराव उठले आणि त्यांनी घोंगडं ओढून काढलं.

"मधुकर, मिरजेची गाडी कवा हाय?"