नऊ भोकांची डबी

मित्रांनो, माझ्या झाकणावर नऊ भोकं आहेत. ती जन्मापासूनची नाहीत. मी मिश्रीची, म्हणजे दाताला लावायच्या भाजक्या तंबाखूची, एक जुनी डबी. दहिवडीच्या बाजारात रसूल पत्रेवाल्यानं मला घडवलं, त्याला आता चाळीस वर्षं होऊन गेली. झाकण बसवून तो मला विकत घेणाऱ्या हरणाबाईला म्हणाला होता, "आक्का, हिच्यातनं मुंगी बी भाईर यायची न्हाई."

पुढं कितीतरी वर्षं मी हरणाबाईच्या कनवटीला होते. भांगलण, सुगी, लेकीचं बाळंतपण, मुलाला, तानाजीला, लष्करात धाडताना एसटी स्टँडवर तिनं गिळलेलं रडू, सगळं मला ठाऊक आहे. मग साताऱ्याच्या डॉक्टरांनी तिची मिश्री सोडवली आणि मी फळीवर गेले. तिचं तोंड वाचलं, हे चांगलंच झालं. पण खरं सांगते, फार एकटं वाटलं. पोटात दोन बटणं, एक गंजकी पिन, एवढीच सोबत.

यंदा कडबा लवकर सरला. सहा शेळ्यांची सारी भिस्त विहिरीकडच्या दहा गुंठे मक्यावर होती. मका वीस दिवसांचा झाला, गुडघ्याला लागला, आणि पानं चाळणीसारखी दिसू लागली. मधल्या गुंडाळलेल्या पानांत, म्हणजे पोंग्यात, लाकडाच्या भुशासारखी घाण साचली.

शेजारचा नाथाजी पाठीवर पंप बांधूनच आला. त्यानं दुकानातून जालीम औषध आणलं होतं. ते फवारलं की बरेच दिवस मका शेळ्यांना चालणार नाही, हे त्यानंच सांगितलं.

"आवं काकू, मका तरी ऱ्हाईल."

"आन् तवर शेळ्या काय तुजा पंप चघळतील?"

तो हसला, पण हरणाबाईचं तोंड उतरलं होतं. तिनं त्याला एक दिवस थांबायला लावलं. पोंगे उलगडून पाच अळ्या काढल्या, त्या कशात न्याव्या म्हणून शोधताना मी तिच्या हाती लागले. अळ्या गुदमरू नयेत म्हणून तिनं खिळा ठोकून माझ्या झाकणाला नऊ भोकं पाडली. रसूलचे शब्द आठवून मला भोकांपेक्षा जास्त दुखलं.

मग ती मला घेऊन दहिवडीला कृषी सहायक नूरीनकडं गेली. नूरीननं झाकण उघडलं. आत एकच अळी, चांगली गुबगुबीत.

"पाच घातल्या व्हत्या गं," हरणाबाई ओशाळली. "चार पळाल्या जणू ह्या भोकांतनं."

मी काय सांगू मित्रांनो! वाटभर माझ्या पोटात काय चाललं होतं ते मीच सोसलं होतं.

"पळाल्या नाहीत आजी. हिनंच खाल्ल्या," नूरीन म्हणाली. तिनं भिंगातून दाखवलं: डोक्यावर गलोलीचं बेचकं उलटं धरल्यासारखी पांढुरकी खूण, शेपटीकडे चौकोनात चार काळे ठिपके. ही लष्करी अळी. ह्या अळ्या एकमेकींना खातात, म्हणून एका पोंग्यात मोठी अळी बहुधा एकटीच सापडते.

"माजा तानाजी बी लष्करात हाय. ही कसली लष्करी, आपल्याच माणसाला खाणारी?"

नूरीन खळखळून हसली. मग तिनं नीट समजावलं. मका अजून लहान आहे, औषधाची घाई नको. पानांवर लोकरीसारखे अंड्यांचे पुंजके दिसले की चिरडायचे. प्रत्येक पोंग्यात कोरडी बारीक वाळू टाकायची, त्या वाळूनं अळीचं मऊ अंग खरचटतं. चार दिवसांनी ती स्वतः येऊन बघणार होती.

हरणाबाईनं ओढ्याची वाळू वाळवून चाळली. पण तिची बोटं आता थरथरतात. चिमूट पोंग्यात कमी, मातीत जास्त. दहा झाडं झाली आणि ती बांधावर टेकली. एवढा मका कधी व्हायचा? मग तिची नजर माझ्यावर गेली. तिनं मला वाळूनं भरलं, झाकण लावलं आणि पोंग्यावर उलटं धरून हलवलं.

वाळू नेमकी आत पडली.

तीन सकाळी आम्ही दोघी सरीसरीनं फिरलो. चौथ्या दिवशी नूरीननं पोंगे उलगडून पाहिले. बहुतेक अळ्या मेलेल्या होत्या, आणि औषध लागणार नाही असं ती म्हणाली. आठवड्यानं कोवळं पान अखंड वर आलं. हरणाबाईनं ते गालाला लावलं आणि सगळ्यांत म्हाताऱ्या शेळीला घातलं.

नाथाजी बांधावरून बघत होता. जरा वेळानं डोकं खाजवत म्हणाला, "काकू, ती डबी एक दिस मला द्या की."

मित्रांनो, विषाची बाटली उघडण्याआधी एकदा पोंगा उघडून बघा. आणि घरातलं जुनं काही फुटलं, भोक पडलं, तर लगेच उकिरड्यावर टाकू नका.

मी आता पुन्हा कनवटीला असते. रसूल असता तर त्याला सांगितलं असतं, बाबा, मुंगी काय, वाळूसुद्धा गळते माझ्यातून. पण गळते ती बरोबर जागी.