जिथलं तिथं

"सर, ते पिल्लू पुन्हा सरीत ठेवा. त्याच उसात, त्याच जागी," सावळेराम म्हणाला.

मी फोटोसाठी कोट घालून उभा होतो. ऊसतोडीत गावातल्या कुशाबाला बिबट्याचं पिल्लू सापडलं होतं. मुलांना दाखवायला म्हणून मी ते शाळेत आणवलं आणि नारायणगावचा फोटोग्राफर बोलावला. नव्याण्णव सालची गोष्ट. मी मुख्याध्यापक, सावळेराम जीवशास्त्राचा मास्तर. मला शिकवणारा हा कोण?

"आई येईल त्याची. ती कातडीपाशी संपत नाय, सर. ती सरीसुदा तिचीच हाय."

झालं, सुरू झालं तुणतुणं! वीस वर्षं हा गृहस्थ एकाच प्रश्नाला चिकटून होता: जीव कुठपर्यंत असतो? बेडूक शिकवायला सांगितला, की बेडूक राहायचा बाजूला आणि हा मुलांना विचारायचा, "बेडूक कातडीपाशी संपतो, की डबक्यासकट बेडूक?" निकाल घसरायचा तो वेगळाच. या एका खुळापायी त्याने पाच जाड वह्या भरल्या होत्या. पुण्याच्या मासिकाने त्याचा लेख साभार परत पाठवला, तेव्हा स्टाफरूममध्ये तो मीच नकला करत वाचून दाखवला. सगळे पोट धरून हसले. तोही हसला, त्याचा मला जास्त राग आला.

"मास्तर, तुम्ही तुमचं डबकं सांभाळा," मी म्हणालो.

फोटो झकास आला. मी मधोमध, मांडीवर पिल्लू. संध्याकाळी मी जीप बोलावून ते पुण्याच्या प्राणिसंग्रहालयात धाडून दिलं.

आई तीन दिवस त्या वावराभोवती फिरत होती. चौथ्या दिवशी तिने कुशाबाचा खांदा फाडला.

आता गावाची अक्कल बघा. "काळ्या जिभेचा हाय ह्यो मास्तर!" कुशाबाची आई चिमाबाई शाळेच्या फाटकात येऊन ओरडली. "ह्योच म्हनला व्हता, ती येनार!" बोट माझ्याकडे वळायला हवं होतं. मी ते त्याच्यावरच राहू दिलं. वर पालकांची मागणी म्हणून सावळेरामचे तास काढून घेतले आणि त्याला कार्यानुभव दिला. निवृत्तीपर्यंत तो मुलांकडून खडू आणि कागदी फुलं करून घेत होता.

पुढे काही वर्षांनी वनखात्याची माणसं उसात सापडलेली पिल्लं टोपलीत घालून जिथल्या तिथं ठेवू लागली. आया येऊन घेऊन जायच्या. आम्ही शाळेत त्या माणसांचा सत्कार केला. भाषण मीच ठोकलं, टाळ्याही मीच घेतल्या. सावळेराम मागच्या बाकावर बसला होता. त्याचं नाव मी घेतलं नाही.

दोन हजार आठ साली तो गेला. दिवाळीनंतर मी त्याच्या घरी गेलो. भेटायला म्हणून गेलो, पण खरं सांगायचं तर वह्या मागायला. शाळेच्या स्मरणिकेत त्यातलं काही माझ्या नावावर खपवता आलं असतं.

घराला नवा चुना दिला होता. मी भिंतीजवळच्या खुर्चीकडे वळलो.

"तितं नको, सर," त्याची बायको ठकूबाई म्हणाली.

खुर्चीच्या वर वीतभर जागा चुन्यावाचून तशीच होती. सावळेरामचं डोकं टेकून टेकून तिथे तेलाचा तांबूस डाग पडला होता.

"पोरं म्हनली, चुना मारू. मी म्हनलं, न्हाई, त्येवढं जिथलं तिथं ऱ्हाऊ द्या."

मला माझी लाज वाटली. वह्या समोरच्या फळीवर होत्या. मी त्यांच्याकडे पाहिलं नाही. तिने पुढे केलेला पाण्याचा तांब्या घेतला आणि खाली जमिनीवर बसलो.