इंदूरची मुंज

काशिनाथचा सीन सिनेमातून उडाला. पण ते त्याला अजून कळलेलं नाही. अजून तो भोपाळच्या अवधपुरीतल्या मराठी मंडळाच्या हॉलमध्ये, सिनेमा सुरू व्हायच्या आधी, पहिल्या रांगेतली खुर्ची रुमालाने पुसतोय. आधी स्वतःची, मग शेजारची. ती मंदारची.

गणपतीच्या नाटकात वर्षानुवर्षं मंदार नायक आणि काशिनाथ विंगेत प्रॉम्प्टर. मंदार विसरायचा, काशिनाथ कुजबुजायचा, टाळ्या मंदारला मिळायच्या. कुणालाच त्यात काही वावगं वाटलं नव्हतं.

मग गेल्या थंडीत तो इंग्रज साहेब भोपाळला शूटिंगला आला. नट तोच, दिग्दर्शक तोच, निर्माताही तोच. मंदार त्याचा दुभाषा. पण पोस्टातल्या कारकुनाची भूमिका मिळाली काशिनाथला. एकच वाक्य होतं, 'साहब, आपके नाम कोई चिट्ठी नहीं है.' ते ऐकून नट रडला. दिग्दर्शकाने मिठी मारली. निर्माता बहुधा तेव्हा जेवायला गेला असावा.

त्या रात्री काशिनाथ कामाला होता त्या गोविंदपुऱ्याच्या कारखान्यातल्या सगळ्या शिफ्टला त्याचे पेढे पोचले.

हॉलमधले दिवे मालवले. पडद्यावर पोस्ट आलं. काउंटर आलं. काउंटरमागे, काशिनाथने शूटिंगला दिलेला, त्याच्या बायकोने, रत्नप्रभाने, विणलेला मरून स्वेटर घालून, मंदार बसला होता.

काशिनाथने मान वळवली. शेजारीही मंदारच बसला होता.

"हे कधी झालं?"

"अरे, माझ्या भाच्याची मुंज नव्हती का? इंदूरला?"

"हो. मी अहेर पाठवला होता तुझ्याबरोबर."

"हां, तर ती मुंज म्हणजे हेच शूटिंग." मंदारने घसा साफ केला. "साहेबांनीच बोलावलं रे. म्हणाले, काशिनाथ का काम अच्छा है, बस, चेहरा याद नहीं रहता."

"साहेब हिंदीत म्हणाले?"

"मी भाषांतर केलं."

मागच्या रांगेतून रत्नप्रभा वाकली. "अहो, स्वेटर तरी परत मागा."

पडद्यावर साहेबाने चिठ्ठीची चौकशी केली. मंदार बघत राहिला. नुसताच बघत राहिला. तो अभिनय होता की विसरला होता, हे हॉलमधल्या एकाच माणसाला कळत होतं. शांतता लांबत गेली. काशिनाथने दात आवळले, मांडीवर मूठ दाबली. मग ती मूठ उठली आणि सवयीने तोंडाशी गेली.

"साहब, आपके नाम..." तो कुजबुजला.

"साहब, आपके नाम कोई चिट्ठी नहीं है," पडद्यावरचा मंदार म्हणाला.

हॉलमध्ये टाळ्यांचा कडकडाट झाला. खुर्चीतला मंदार अर्धवट उठून सगळ्यांना नमस्कार करू लागला.

शेवटी अध्यक्षांनी विचारलं, कुणाला दोन शब्द बोलायचे आहेत का. काशिनाथ उभा राहिला. आयुष्यात पहिल्यांदाच तो सगळ्यांना ऐकू जाईल एवढ्या आवाजात बोलला.

"अध्यक्ष महोदय, सदर चित्रपट यापुढे जिथे जिथे दाखवला जाईल आणि मी हॉलमध्ये उपस्थित नसेन, तिथे तिथे मंदाररावांना ते वाक्य आठवू नये, अशी व्यवस्था व्हावी, ही नम्र विनंती."