समजल्याची खूण

फोन आला तेव्हा मी एका शिंपीणबाईंच्या मशीनचा पट्टा चढवत होतो. धाकट्या मेहुणीचा आवाज होता. "भाऊजी, हातातलं टाका आणि या. ताई गेली." मी पट्टा चढवून, चाक फिरवून बघितलं आणि मगच उठलो. असं का केलं, ते सांगता येणार नाही.

माझी बायको तत्त्वज्ञानावर पुस्तकं लिहायची, साध्या माणसांसाठी. मी नववी शिकलेला, शिलाई मशीन दुरुस्त करणारा. प्रत्येक प्रकरण ती आधी मला वाचून दाखवायची. मला समजलं तर कोपऱ्यात हिरव्या शाईने बरोबरची खूण, नाहीतर पुन्हा लिहायला बसायची. "तुमच्या डोक्यात शिरलं की दगडातही शिरेल," म्हणायची.

महिन्याभराने तिच्या संपादकबाई आल्या.

"काका, अकराही प्रकरणांवर हिरवी खूण आहे. म्हणजे पुस्तक पुरं झालं. छापायला घेऊ?"

अकरावं प्रकरण 'नसणं' या विषयावर आहे. ते तिने वाचलं त्या दिवशी मी फार दमलो होतो. दोनदा डोक्यावरून गेलं. तिसऱ्यांदा म्हटलं, "समजलं."

"नक्की?"

"नक्की."

तिने खूण केली. चार दिवसांनी ती गेली.

"शेवटची खूण खोटी आहे," मी बाईंना सांगितलं.

"मग कुणा प्राध्यापकांना दाखवू या."

"त्यांना समजणारच. त्यांचा काय उपयोग?"

बाई हसल्या, मग हळूच म्हणाल्या, "आता तरी तुम्हाला कळत असेल ना, नसणं?"

"ती नाही, हे कळतं. तिने काय लिहिलंय, ते नाही कळत."

"थांबायचं तरी किती?"

"काही प्रकरणं तिने मला नऊ-नऊ वेळा वाचून दाखवली. हे ती गेल्यापासून मी चारदाच वाचलंय."

बाईंच्या समोरच मी ती हिरवी खूण खोडली. बाई ते प्रकरण माझ्याकडेच ठेवून गेल्या.

आता रोज दुकान उघडण्याआधी मी ते मोठ्याने वाचतो. टेबलाच्या खणात तिचे जुने कच्चे कागद सापडले, तेही शेजारी ठेवतो. चार पानांचा अर्थ लागला. पाचव्यावर तिने विचारलंय, कपाट रिकामं आहे असं म्हणताना आपण कपाट बघतो की रिकामेपण? इथवर येतो. त्याच्या पुढच्या वाक्याला अडतो.

अकरावं प्रकरण मला अजून समजलेलं नाही.