टीव्हीला लावलेलं माउंट

संध्याकाळी साडेसातला फ्रेमवाल्याने घरच्या टीव्हीला माउंट चिकटवलं. फोटो आणि फ्रेम यांच्यामध्ये जाड पुठ्ठ्याची पट्टी सोडतात, तेच. रंग मोतिया.

त्याची मुलगी बँकेतली नोकरी सोडून सिनेमात गर्दीची कामं करते. हे काम आहे असं त्याला वाटत नव्हतं. "पडद्यावर दिसलीस तर मानेन," असा शब्द त्याने दिला होता. ती असलेला सिनेमा कॉमिकवरून काढलेला, उडणाऱ्या नायकाचा. चित्र टीव्हीच्या मानाने रुंद, म्हणून वर-खाली काळे पट्टे. ते घालवायला त्याने रिमोटने चित्र फुगवलं, तर दोन्ही कडा गेल्या. मुलगी डाव्या कडेला होती.

"मूळ मापात लावा ना, बाबा."

"आणि काळं उघडं ठेवू? दुकानात असं काम दिलं तर गिऱ्हाईक तोंडावर फेकेल."

म्हणून मूळ माप आणि पट्ट्यांवर माउंट. चित्र चोख बसलं.

"आता कसं घरंदाज दिसतंय," आई म्हणाली.

मग नायकाने पूल उचलला आणि चित्र वर-खाली वाढून माउंटमागे गेलं.

"हे काय आता?"

"मोठ्या प्रसंगाला उंच होतं. कॉमिकमध्ये नाही का, मारामारी आली की चौकट पानभर होते."

"तू कुठेयस?"

"पुठ्ठ्यामागे. घाबरून आडवी पडलेय."

खालच्या माउंटच्या कडेवर एक हात आला. फ्रेमवाला पुढे सरकला. "हा तुझाच. अंगठा बघ, माझ्यावर गेलाय." आवाज मऊ झाला होता.

मुलीला गप्प बसता आलं असतं. "तो दुसऱ्या बाईचा आहे," ती म्हणाली.

"खरं बोलायची खाज मात्र नक्की तुमच्यावर गेलीय," आई म्हणाली.

माउंट काढायचं ठरलं, निघेना. त्याने दुकानातला डिंक वापरला होता, ओढलं की पडद्याचा पापुद्रा सुटू लागला. तेव्हा चित्र थांबवून, पडद्याला पातं न लागू देता, त्याने खालच्या पुठ्ठ्यात खिडकी कापली. खिडकीत एक बूट दिसला.

"तुझा?"

"असावा. सगळ्यांना तसलेच दिले होते."

हाती आलेल्या माहितीनुसार फ्रेमवाल्याने टेपने मुलीची उंची मोजली आहे. पडताना डोकं डावीकडे होतं की उजवीकडे, हे तिला आठवत नाही. त्यामुळे खिडकी कोणत्या बाजूला वाढवायची, हे अजून ठरलेलं नाही.