दोन जावांची बंद डबी

गल्लीतली चांदी आता मशीनच ठोकत होतं. दोघी जावांचे नवरेही तिथे बटणं दाबायला गेले आणि भट्टी उरली ती या दोघींपुरती. त्यातच भट्टीच्या खोलीचा मालक होता शेठ, शेजारचाच दुकानदार. त्याला मशीनवर केलेल्या चांदीच्या डब्या रचायला जागा हवी होती. सकाळीच येऊन तो म्हणाला,

"संध्याकाळपर्यंत तुमची एक तरी डबी माझ्या दुकानात खपली, तर खोली तुमच्याकडेच राहील. नाहीतर बाडबिस्तरा उचला."

हातात एकच डबी होती, तीही बिजागरीला डाग देऊन सांधायची राहिलेली. थोरलीने फुंकणी तोंडात धरली. धाकटीने चिमट्यात डबी धरली नि ती गुणगुणली:

"फुंक बाई फुंक, ज्योत कर लांब,
नवरा धावे मशीनमागे, चांदी म्हणे थांब."

फुंकणी तोंडात असताना हसायचं नसतं, हे सासूने पहिल्याच दिवशी बजावलं होतं. पण थोरलीचे गाल फुगले, डोळे पाणावले, आणि सगळं हसू फुंकणीतूनच सुटलं. ज्योत भलतीकडे नाचली. डागाची चांदी वितळून झाकणाच्या कडेकडेने पळाली आणि झाकण कायमचं बसलं.

"उघड बघू."

"उघडत नाही, जाऊबाई."

"आत काय गं खुळखुळतंय?"

"नक्षीचे उरलेले चांदीचे बारीक रवे. सांडतील म्हणून ठेवले."

"शहाणीच आहेस."

धाकटीने डबी कानाशी हलवली. छुन्नक. मग हसून हसून दोघींना भिंतीशी टेकून बसावंच लागलं.

झाकण कापायला वेळ नव्हता. तशीच डबी दुकानात गेली.

"ही उघडायची कशी?" शेठने विचारलं.

"उघडायची नाही," धाकटी गंभीरपणे म्हणाली.

बायकोसाठी डबी घ्यायला आलेल्या एका जाड भुवयांच्या गिऱ्हाइकाने ती उचलून हलवली. पुन्हा हलवली.

"आत काय आहे?"

"सांगितलं तर मजा काय राहिली?" थोरली म्हणाली.

"आमच्या हिला सगळं उघडून बघायची खोड आहे," तो हळूच म्हणाला. "ही वर्षभर पुरेल." आणि पैसे मोजून, डबी खिशात टाकून निघाला. जाताना खिसा छुन्नक छुन्नक करत होता.

शेठचं तोंड पाहण्यासारखं झालं. सकाळीच, न विचारता, त्याने मशीनच्या डब्यांची खोकी जावांच्या खोलीत आणून रचली होती. आता तो एकेक खोकं डोक्यावर घेऊन परत नेऊ लागला, आणि दोघी जावा दाराच्या दोन बाजूंना उभ्या राहून त्याला वाट दाखवत होत्या.

"जपून हं शेठ, उंबरा आहे."