जातो म्हणू नये

“जातो, काकू,” निरंजन उंबऱ्याबाहेरूनच म्हणाला, आणि आत भाकरी थापणाऱ्या उषाबाई नेहमीप्रमाणे कडाडल्या.

“जातो काय म्हनतो रे? येतो म्हनावं! किती वेळा सांगायचं?”

उषाबाईंचा नवरा केळीच्या ट्रकवर. आज दिल्ली, उद्या कानपूर. त्यांचा निम्मा जन्म वाट पाहण्यात गेलेला. निघणाऱ्याने ‘येतो’ म्हणायचं, आपण ‘ये’ म्हणायचं, म्हणजे माणूस परत येतो, यावर त्यांची भारी श्रद्धा. दूधवाल्यालाही त्या सोडत नसत.

निरंजन मात्र कधी ‘येतो’ म्हणाला नाही. का, ते फक्त त्यांच्या लेकीला, चारूला ठाऊक होतं.

शनवारा भागातल्या संध्याकाळच्या क्लासला दोघांची ओळख झाली. आजोबांच्या काळचं नाव घेऊन आलाय म्हणून मैत्रिणी त्याला हसल्या होत्या. दिवस मावळल्याशिवाय हा दिसायचा नाही, समोसाही खायचा नाही. एकदा त्याने खरं सांगून टाकलं. त्याला सतरावं लागलं, ते कधी संपलंच नाही. आणि भूक कशाने भागते, तेही सांगितलं.

“व्हॅम्पायर? मजाक मत कर यार!”

त्याने मनगट पुढे केलं. चारूने चाचपून पाहिलं, नाडी लागेना. ती घरी येऊन तापाने फणफणली, आणि ताप उतरताच पुन्हा त्याला भेटायला गेली. प्रेम आंधळं असतं म्हणतात. या वयात ते बहिरंही असतं.

“फक्त घरात बोलावू नको,” तो म्हणाला होता. “कोनी ‘ये’ म्हटल्याशिवाय मला उंबरा ओलांडता येत नाही. अन् एकदा म्हटलं, की मग माझंच माझ्यावर काही चालत नाही.”

चारूने आईला थाप मारली: त्याचा नवस आहे, परीक्षा होईपर्यंत कुणाच्या घरात पाऊल टाकायचं नाही, तू बोलावलंस तर मोडेल. नवस म्हटल्यावर उषाबाई गप्प. रोज ओट्यावर दोघं पुस्तक उघडून बसत, आणि निघताना तो ‘जातो’ म्हणून शिव्या खाई. ‘येतो’ म्हणाला असता, तर आईच्या तोंडून ‘ये’ निघालंच असतं.

पण आज त्याचे ओठ पांढरे पडले होते. बोलताना तो चारूकडे बघत नव्हता.

“काकू, मी गावच सोडतोय. आता नाही भेटणार.”

चारूला रडू फुटलं. तिच्या जिवाला धोका नको म्हणूनच तो निघाला होता, आणि आतापर्यंत त्याने सगळं निभावलं होतं. उषाबाई पिठाच्या हातांनी दारात आल्या. त्यांचेही डोळे भरले.

“असं तोडून बोलू नाही, पोरा. तू नको म्हनू, मी म्हनते. ये हं, बाळा. ये.”

चारूचा हात आईच्या तोंडावर गेला, पण शब्द निघून गेला होता.

निरंजनने चौकट धरून ठेवली. बोटं सुटली. त्याचा पाय उंबऱ्याच्या आत पडला.

“अगं बाई! फिटला का नवस?” उषाबाई हरखल्या. तो त्यांच्या गळ्याकडे एकटक पाहत होता.

चारू मध्ये येऊन उभी राहिली. “आई, मावा जिलेबी आन. पह्यल्यांदा घरात आलाय. आत्ता जा.”

उषाबाई हात पुसून लगबगीने निघाल्या.

“तू पन जा, चारू,” तो दातांवर दात आवळून म्हणाला. “मला आता निघता येत नाही. सच में, भाग यहाँ से.”

“मी गेले, तर आई जिलेबी घेऊन इथंच येईल.”



बाहेर उषाबाई शेजारच्या रंभाबाईंना थांबून सांगत होत्या, “लाजरा आहे हो पोरगा. शेवटी आला बाई घरात!”

चारूने दार लोटलं आणि आतून कडी घातली. तिला आईची फार आठवण आली. आई अजून गल्लीतच होती.